समाधीवरचं दगडफूल

भावजयीचा फोन आला तेव्हा मी एका नवरीच्या ब्लाउजच्या बाहीवर मोर भरत होते. ती दबक्या आवाजात बोलत होती, म्हणजे माझा भाऊ घरातच असणार. म्हणाली, "आक्का, उद्या माणसं येनारेत. मायच्या समाधीला ग्रॅनाईट बसवायचंय. आधी ॲसिडनं धुऊन काढनार म्हनं. तुमाला सांगू नको म्हनलेत, म्हनून सांगायले."

माझ्या अंगाचा तिळपापड झाला. मोराचा डोळा भरायचा राहिला होता. तो तसाच आंधळा सोडून मी उठले आणि पिशवी भरायला लागले. नवरा म्हणाला, दगडासाठी एवढं काय? त्यालाही दोन शब्द ऐकवले.

तो दगड काय होता, ते आधी सांगते. आमच्यात माणूस जाळत नाहीत, पुरतात. तेही आडवं नाही. मांडी घालून बसवतात, अंगाला विभूती लावतात, हातात लिंग देतात आणि वर समाधी करतात. आई गेली तेव्हा माझा थोरला पाळण्यात होता, आता त्याच्या लग्नाच्या गोष्टी चालल्यात. तलवाड्याच्या अलीकडे आमचं वावर आहे, तिथं लिंबाखाली आईला उत्तरेकडं तोंड करून बसवलंय. अप्पांनी, म्हणजे माझ्या वडिलांनी, ओढ्याच्या उतारावरून एक काळा दगड बैलगाडीत घालून आणला. पाथरवटाकडून वरची बाजू तेवढी सपाट करून घेतली आणि तीवर छोटी पिंड कोरून घेतली. चारी बाजू होत्या तशाच ठेवल्या. अप्पा किराणा दुकानदार, तागडी धरणारा माणूस. उगीच खर्च करायचा नाही हा त्यांचा धर्म. त्या कंजूसपणाचे उपकार मी आजही मानते. कारण ओढ्यावर उन्हापावसात पडलेल्या त्या दगडाच्या बाजूंवर जे उगवलं होतं ते अप्पांच्या आज्याच्याही आधीचं असावं, आणि ते त्यांनी खरवडलं नाही.

मला ते दिसायला वेळ लागला. पहिल्या वर्षांत मी समाधीवर फक्त रडायला जायची. डोळे कोरडे झाल्यावर दगड दिसायला लागला. पहिल्यांदा वाटलं, कुणीतरी पान खाऊन चुन्याचं बोट पुसलंय. पांढरे गोल ठिपके, कडा एकदम रेखीव. नखानं खरवडून पाहिलं तर निघेना. पुढच्या खेपेला वरच्या कडेला, साळुंक्या बसतात तिथं, केशरी रंग दिसला. नुसता केशरी नाही. मधोमध गर्द, बारीक बारीक वाट्या ठेवल्यासारखा, आणि कडेला येता येता हळदी होत गेलेला. मी आरीवर्क करते. बीडात माझ्या हाताखालून किती नवऱ्यांचे ब्लाउज गेलेत त्याची गणती नाही, आणि रेशमाच्या एवढ्या लड्या माझ्याकडं आहेत की शेजारीण म्हणते दुकान थाट. पण त्या केशरीचा धागा मला आजतागायत मिळालेला नाही. दोन धागे एकत्र पिळून पाहिले, तरी तो मेला रंग काही उतरला नाही.

मग मी रंग हुडकायलाच जायला लागले. पश्चिमेच्या अंगाला लिंबोणी होता, त्यात काळ्या रेघा, शेताच्या बांधांसारख्या. एका ठिपक्याची हद्द संपली की दुसऱ्याची सुरू. पायथ्याला, जिथं माती दगडाला लागते, तिथं बदामी भुकटी होती, बोट लावलं तर बोटाला यायची. आणि उत्तरेची बाजू! तिथं ऊन कमी. तिथं पानाची जात होती. राखाडी, कुरळ्या कडांची पानं एकावर एक, झालरीला चुणी घालावी तशी, आणि खालून काळी. ते पाहिलं आणि मी खाली बसलेच. ते दगडफूल होतं.

दगडफूल मी ओळखणार नाही तर कोण? आमच्या दुकानात त्याचं पोतं असायचं. एवढं मोठं पोतं, पण इतकं हलकं की मी लहानपणी एका हातानं ओढायची. आई काळा मसाला करायला बसली की सगळ्यात शेवटी दगडफूल तेलात टाकायची, आणि घरभर असा वास सुटायचा की रस्त्यावरची माणसं विचारायची, आज मसाला हाय का? मी तिला विचारायची, हे फूल कुठल्या झाडाला लागतं? "दगडाला," ती म्हणायची, "आन् दगड आसतो तुज्या डोस्क्यात." आमच्या वावरातलं अगदी तेच मसाल्याचं असेल असं मी म्हणत नाही. पण भाऊबंद नक्की.

माझ्याकडं एक गिऱ्हाईक बाई येते, कॉलेजात वनस्पतीशास्त्र शिकवते. तिला फोटो दाखवले तर माप द्यायचं विसरून ती तेच बघत बसली. म्हणाली, हा एक जीव नाही, दोन आहेत. एक बुरशी आणि एक शेवाळ. बुरशी घर बांधते, दगडाला धरून ठेवते. शेवाळ उन्हावर स्वयंपाक करतं. दोघं मिळून खातात. मी म्हटलं, आमच्या घरात दोन्ही कामं एकटी आईच करायची. बाई हसली. मी नव्हते हसले.

तिनंच सांगितलं की पाखरांची शीट, राख, दूध असल्या गोष्टी काही जातींना मानवतात. आम्ही दर श्रावणी सोमवारी आणि पुण्यतिथीला समाधीवर दूध ओततो, विभूती फासतो, बेल वाहतो. म्हणजे इतकी वर्षं आम्ही आईला म्हणून जे वाढत होतो, ते हे केशरी खात होतं. मला तर बरंच वाटलं. आईनं तरी दुसरं काय केलं? स्वतःच्या ताटातलं दुसऱ्याला वाढलं.

वावरात पावसाळ्यात गेलं तर दगडाभोवतीसुद्धा जत्रा असते. लिंबाची एक फांदी मोडून पडलीय, तिच्यावर पंख्यासारखे थर येतात, वरून चॉकलेटी, काठाला साय लावल्यासारखा पांढरा. शेणाच्या पोवटीवर काड्यापेटीच्या काडीएवढ्या बारीक छत्र्या, इतक्या पातळ की आरपार ऊन दिसतं. दुपारपर्यंत त्या शाई होऊन वितळतात. कडब्याच्या ओल्या बुडाशी अबोली रंगाच्या टिकल्या. एकदा एक चांदणी सापडली होती, मातीत उमललेली, मधे चामड्याची पुरचुंडी, दाबली की धूर सोडणारी. या सगळ्याला आमच्या गावात एकच नाव, कुत्र्याची छत्री, आणि एकच वागणूक, लाथ. रस्त्यानं चाललेला माणूस वाकडी वाट करून जातो आणि लाथ मारतो. खायला नको, विकायला नको, वाटेत नाही, तरी लाथ. का म्हणून विचारलं तर सांगतात, विषारी असती. अरे, तुझ्या जिभेवर ठेवलीय का कुणी? दगडाचं तर विचारूच नका. आमच्या भागात दगड दिसला की एक तर शेंदूर, नाही तर ऑइल पेंट. जुन्या देवळांचे खांब बघा, चकचकीत गुलाबी आणि पोपटी, लग्नाच्या मांडवासारखे. जुन्या दगडाला त्याचा स्वतःचा रंग असतो, हे कबूल करायला माणसाच्या जिवावर का येतं मला कळत नाही. संताप होतो.

असो. मी सकाळची एसटी धरून गेवराईला उतरले, तिथून जीपनं वावरापर्यंत. गणपती होऊन गेले होते, पावसानं काही दिवस उघडीप दिली होती. लिंबाखाली खुर्ची टाकून माझा भाऊ बसलेला. धाकटा आहे, पण आता पुढारी झालाय. पांढरा कडक शर्ट, दोन फोन. पुढच्या निवडणुकीला उभं राहायचंय. खोडाला काळ्या ग्रॅनाईटची फरशी टेकवून ठेवलेली, तिच्यावर आईचा फोटो कोरलेला. कुणाच्या तरी लग्नातला फोटो. त्यात आई डोळे बारीक करून, ऊन लागल्यासारखी बघतेय. खाली तिचं नाव, आणि त्याच्या खाली भावाचं, तिच्याहून मोठ्या अक्षरात. दोन कारागीर निळे कॅन घेऊन उभे होते.

"आक्का, तू कशी काय?" भाऊ म्हणाला आणि त्यानं बायकोकडं बघितलं. ती डबा उघडण्यात गुंतली.

"माज्या मायला भेटाया आलेय. परवानगी लागती का?"

त्यानं कारागिरांना "थांबा बे जरा" म्हटलं आणि मला समजावणीच्या सुरात सांगायला लागला. गणपतीत पोरांनी वावरातला फोटो काढून गावच्या ग्रुपवर टाकला होता. त्याखाली विरोधी पार्टीच्या कुणीतरी लिहिलं, पुढाऱ्याच्या मायला बुरशी लागली. सगळा गाव हसला. "उद्या पुन्यतिथीला सायेब येनारेत. त्यांच्यासमोर आसला किडका दगड ठिवू? माय जलमभर अंधाऱ्या दुकानात बसली, आक्का. आता तरी चमकू दे तिला."

हे शेवटचं तो मनापासून बोलला, एवढं मला कबूल करावं लागेल. म्हणूनच मी लगेच भांडले नाही. पिण्याच्या पाण्याचा तांब्या उचलला, त्याला जवळच्या पश्चिमेच्या अंगाला नेलं, तिथंही थोडी राखाडी पानं होती, कुरकुरीत वाळलेली. वर पाणी ओतलं. ते वाळलेलं पान पाणी पितं आणि बघता बघता राखाडीचं हिरवं होतं. शेवाळी नाही, कोवळं, हरभऱ्याच्या डहाळ्यासारखं. कितीदा पाहिलं तरी मला ते खोटं वाटतं. कारागीर पुढं होऊन वाकून बघायला लागले. भावजय "आगं माय" म्हणाली.

"बग," मी म्हटलं. "जित्तं हाय. मळ न्हाई, कीड न्हाई."

भाऊ क्षणभर बघत राहिला. मग म्हणाला, "जित्तं हाय? मंग तर लईच वंगाळ. माज्या मायच्या अंगावर कुनी कावून जगावं?"

"तू कावून जगलास मंग?" माझ्या तोंडून निघून गेलं, आणि निघालं ते बरंच झालं. "तिनं मसाला कुटला आन् तू कडक इस्त्री घातली. तिची कंबर गेली तवा तू सभेला गेलतास. ह्या दगडावरचं निदान दूध दिल्यावर रंग तरी दावतं. तू काय दावलंस?"

त्याचे कान लाल झाले. कारागिरांसमोर असं बोललेलं त्याला झोंबणारच. तो उठला आणि म्हणाला, "दिलेल्या लेकीनं वावराच्या गोष्टीत तोंड घालू न्हाई. हक्क सोडलास न्हवं?"

आमच्याकडं बहिणी हक्क सोडतात. सोडायचाच असतो, माहेरची साडी चालू राहावी म्हणून. मीही सोडला होता, हसत सोडला होता, आणि कधी उच्चार केला नव्हता.

"वावराचा सोडला," मी म्हणाले. "मायचा न्हाई."

"वता बे," भाऊ म्हणाला.

कॅनवाला पुढं आला. त्याची चूक नव्हती, त्याला रोज मिळवायचा होता. मी चप्पल काढली आणि समाधीवर बसले. पिंडीच्या बाजूला, पदर आवरून. आमच्यात समाधीला पाय लागला तरी कान धरतात. बसणं म्हणजे तर घोर पाप. भावजय मागं सरकली. कॅनवाला बिचारा कासावीस होऊन म्हणाला, "बाई, उटा. समाधीवर बसत नसतेत."

"मंग ॲसिड वतत असतेत व्हय?"

मी बसून राहिले. तळहाताखाली ते खरखरीत ठिपके लागत होते, आणि खाली आई मांडी घालून बसली होती. लहानपणी ती मसाला निवडायला बसली की मी अशीच तिच्या मांडीत जाऊन बसायची आणि ती म्हणायची, ऊठ गं, उकडतंय. शेजारच्या वावरात कापूस खुरपणाऱ्या बाया खुरपी ठेवून बांधावर आल्या. दोन माणसं मोटारसायकल थांबवून बघायला लागली. एकानं खिशातून फोन काढला. भावाचं लक्ष त्या फोनवर गेलं, आणि मला कळलं की आपण जिंकलो. समजून नव्हे, भिऊन. निवडणुकीच्या तोंडावर सख्ख्या बहिणीला समाधीवरून ओढून उठवतानाचा फोटो त्याला परवडणार नव्हता. मला चालत होतं. कारण कुठलं का असेना, दगड वाचत होता.

"ऱ्हाऊ द्या," तो कारागिरांना म्हणाला. "जावा तुमी."

दुसरा कारागीर, आतापर्यंत गप्प असलेला, कॅन उचलता उचलता म्हणाला, "दादा, मंग ती मागली बाजू सकाळी धुतली तिचं काय करायचं? तेवढीच तशी ऱ्हाईल."

मी उठले आणि उत्तरेच्या बाजूला गेले. रस्त्याकडून येणाऱ्याला तीच मागली. त्यांनी सकाळी नमुना म्हणून तीच बाजू घेतली होती. सावलीत काम सोपं म्हणून. काही नव्हतं. दगड काळा, गुळगुळीत, नव्या डांबरी रस्त्यासारखा. पायथ्याला पिवळट फेस सुकलेला आणि त्यात ती सगळी झालर, भिजलेल्या कागदासारखी, गोळा होऊन चिखलात पडलेली. एक तुकडा उचलला तर बोटांत त्याचं पीठ झालं, आणि बोट चुरचुरलं. अप्पांच्या आज्याच्या आधीपासून जे टिकलं, ते एका कॅननं चहाच्या वेळेआधी संपवलं होतं.

मी किंचाळले. काय बोलले ते लिहिण्यासारखं नाही. बांधावरच्या बाया उठून गेल्या एवढं सांगते.

पुण्यतिथी झाली. मी राहिले, कारण आईची होती. साहेब आले, जंगमांनी मंत्र म्हटले, पंगती उठल्या. ग्रॅनाईट बसलं नाही, ते गोणपाटात गुंडाळून गोठ्यात ठेवलं. पण फोटो काढायची वेळ आली तेव्हा भावानं साहेबांना बरोबर मागल्या बाजूला उभं केलं. स्वच्छ दिसते म्हणून. साहेबांनी धुतलेल्या दगडावर हात ठेवून फोटो काढला आणि आईची चांगली निगा राखलीस म्हणून भावाची पाठ थोपटली. मी पत्रावळ्या उचलत होते. त्यातली एक फेकून मारावी असं फार वाटलं.

सगळे गेल्यावर मी जायला निघाले. भाऊ समाधीच्या मागं उकिडवा बसला होता, शर्टाच्या बाह्या वर केलेल्या. मला वाटलं, डाग राहिला का बघतोय. तो हातानं त्या काळ्या बाजूवरून चाचपत होता. मग पुढं सरकून त्यानं पश्चिमेच्या राखाडी पानांवरून हात फिरवला आणि परत काळ्यावर आणला.

"आक्का," तो म्हणाला, "हे परत येतं का न्हाई?"

"येतं."

"कदी?"

"तू आन् मी न्हाई बघनार. तुजी लेकरं बी न्हाई."

"दूध जादा वतलं तर? रोज वततो. डेरीला घालायचं त्यातलं वततो."

तो खरंच विचारत होता. उसाला पाणी वाढवायचं का असं विचारावं तसं, वर माझ्याकडं बघून. बरं वाटेल असं एखादं वाक्य मला सांगता आलं असतं, थोरल्या बहिणी सांगतात तसं. पण माझ्या बोटाची चुरचुर अजून गेली नव्हती.

"दुदानं व्हायचं आसतं तर इतकी वर्सं लागली नसती," मी म्हटलं.

त्याचा हात दगडावरच होता.

"म्हंजे माय ह्या बाजूनं आता उगडीच ऱ्हानार?"

"हो," मी म्हणाले. "उगडीच."